पावसाळ्यात सारखे पडणारे बटण

आरोग्याच्या सदरात विजेच्या बटणाचे काय काम, असे वरचे शीर्षक वाचून काही वाचकांना वाटेल. त्यांची शंका रास्त आहे. परंतु मृगाचा पाऊस सुरू झाला की आमच्या दवाखान्यात तापाचे, जुलाबाचे आणि चिखल्यांचे रुग्ण येऊ लागतात, तसेच विजेचा झटका बसलेलेही येतात. काही येतात, काहींना आणावे लागते, आणि एखाद्याला आणून उपयोग नसतो. त्याच दिवसांत ओळखीचे लोक आणखी एक तक्रार सांगतात. ‘डॉक्टर, आमच्या घरी मेनचे बटण दिवसातून चारदा पडते. वायरमन म्हणतो काही दोष नाही. काढून टाकू का?’ या दोन गोष्टींचा परस्परसंबंध किती जवळचा आहे हे मला पुस्तकात वाचून कळले नाही. मी त्याची फी भरलेली आहे. आजचा लेखांक त्यासाठीच.

२०१९ सालच्या जुलैतील गोष्ट. आमचे घर वर आणि दवाखाना खाली, दोन्हींना मीटर एकच. मेन बोर्डात फ्यूजच्या शेजारी लोक ज्याला ‘ईएलसीबी’ म्हणतात ते यंत्र बसवलेले होते. जून संपेपर्यंत ते कोणाच्या लक्षातही नव्हते. जुलैत संततधार लागली आणि ते पडू लागले. कधी सकाळी सात वाजता, कधी भर दुपारी, कधी मध्यरात्री. वर केले की राहायचे, तासाभराने पुन्हा खाली. वायरमन दोनदा येऊन गेला. एकेक वस्तू लावून पाहिली, कोणत्याच वस्तूने ते पडेना. आणि तो गेला की अर्ध्या तासात पडे! एका रात्री ते केव्हा पडले कळलेच नाही. सकाळी खाली येऊन पाहतो तो लशींच्या फ्रीजमधील थर्मामीटर १६ अंशांवर. लशी २ ते ८ अंश सेल्सियसमध्ये ठेवायच्या असतात. सगळा साठा टाकून द्यावा लागला. पैशापरी पैसा गेला, आणि त्या दिवशी डोस घ्यायला आलेल्या तीन बाळांच्या आयांना परत पाठवावे लागले.

मी संतापलो आणि वायरमनला सांगितले, “ती काढा आणि सरळ जोडून द्या.” तो माझ्यापेक्षा वयाने मोठा, आयुष्यभर याच कामात गेलेला. म्हणाला, “डॉक्टर, ताप दाखवतो म्हणून थर्मामीटर फोडायचा काय?” मी ऐकले नाही. त्याने नाखुशीने तारा सरळ जोडून दिल्या. त्यानंतर अकरा दिवस आमच्याकडे लाइट एकदाही गेली नाही, आणि मी ते चार लोकांना अभिमानाने सांगितलेदेखील.

बाराव्या दिवशी सकाळी मी खाली रुग्ण तपासत असताना वरून सौभाग्यवतींची किंकाळी ऐकू आली. मागच्या पडवीत कपडे धुण्याचे मशीन असते. कामाच्या मावशी अनवाणी, ओल्या फरशीवर उभ्या होत्या. एक हात मशीनच्या पत्र्यावर, दुसरा लोखंडी नळावर. दोन्ही हात तिथेच आवळलेले, तोंडातून शब्द फुटत नाही, अशी त्यांची अवस्था. सौ.ना सुबुद्धी झाली आणि त्यांनी मावशींना न धरता आधी भिंतीवरचे बटण बंद केले. मावशी जागेवरच कोसळल्या. मी पोहोचलो तेव्हा त्या शुद्धीवर होत्या. नाडी १३० च्या आसपास आणि मधूनमधून ठोका चुकत होता. उजव्या तळव्यावर चण्याएवढा पांढरट भाजल्याचा डाग. ताबडतोब ईसीजी काढला, तालुक्याच्या रुग्णालयात नेऊन एक रात्र देखरेखीखाली ठेवले. दुसऱ्या दिवशी सगळे ठीक होते. त्या ५२ वर्षांच्या, घरात कमावणाऱ्या एकट्या. त्या रात्री मला झोप लागली नाही, हे वेगळे सांगायला नको.

आता हे बटण काय करते ते समजून घेऊ. घरात वीज दोन तारांतून फिरते. एका तारेने, म्हणजे फेजने, येते आणि दुसऱ्या तारेने, न्यूट्रलने, परत जाते. सकाळी गोठ्यातून जितकी गुरे रानात गेली तितकी संध्याकाळी परत आली तर मालक निश्चिंत असतो. एक जरी कमी आले तरी तो कंदील घेऊन बाहेर पडतो. हे यंत्र त्या मालकासारखे गेलेली आणि आलेली वीज सतत मोजत बसते. दोन्ही आकडे सारखे असतील तर स्वस्थ. थोडीशी वीज वाटेत दुसरीकडे, म्हणजे ओल्या भिंतीतून, यंत्राच्या पत्र्यातून किंवा माणसाच्या अंगातून जमिनीत जाऊ लागली, की दोन आकड्यांत फरक पडतो आणि यंत्र पुरवठा तोडते. जुन्या काळच्या निराळ्या रचनेच्या यंत्राला ईएलसीबी म्हणत. आज दुकानात मिळते त्याचे खरे नाव आरसीसीबी. नावाचा आग्रह मी धरत नाही. वायरमन आणि दुकानदार दोघेही ईएलसीबी म्हटल्यावर तेच देतात.

एमसीबी मात्र निराळी. पुष्कळ घरांत ओळीने एमसीबी असतात आणि लोकांना वाटते की आपण सुरक्षित आहोत. १६ अँपियरची एमसीबी त्याहून अधिक वीज वाहू लागली तर पडते. ती तारांचे रक्षण करते, आग टाळते. माणसाला मारायला लागणारी वीज तिच्या खिजगणतीतही नसते. किती लागते? घरातला दाब २३० व्होल्ट. कोरडी कातडी विजेला चांगला अडथळा करते, पण घामाने किंवा पाण्याने भिजलेली असली की शरीराचा अडथळा हजार ओहमच्या आसपास उतरतो. म्हणजे सुमारे २३० मिलिअँपियर, पाव अँपियरहूनही कमी. एमसीबीच्या हिशेबी हा एक दिवा लागला एवढेच.

शरीराच्या हिशेबी मात्र ते फार आहे. एक मिलिअँपियरच्या आसपास मुंग्या आल्यासारखे वाटते. दहाच्या आसपास हाताचे स्नायू असे आवळतात की धरलेली वस्तू सोडता येत नाही. मावशींचे तेच झाले. ‘विजेने धरून ठेवले’ असे आपण म्हणतो, प्रत्यक्षात आपलाच हात सोडत नाही. त्यापुढे छातीचे स्नायू आवळून श्वास अडतो, आणि ३० मिलिअँपियरच्या पुढे जसजसा वेळ वाढतो तसतसे हृदयाचे खालचे कप्पे तालबद्ध आकुंचन सोडून नुसते थरथरू लागण्याचा धोका वाढतो. अशा हृदयातून रक्त पुढे ढकलले जात नाही आणि काही मिनिटांत सारे संपते. एका हातातून दुसऱ्या हातात वीज गेली तर ती छातीतूनच जाते, म्हणून एक हात यंत्रावर आणि दुसरा नळावर ही स्थिती फार वाईट. ३० मिलिअँपियर म्हणजे किती? सात वॅटचा एक मिणमिणता बल्ब लागतो तेवढी वीज!

हे आकडे कसे ठरले त्यालाही इतिहास आहे. अमेरिकेत बर्कले येथील विद्यापीठात चार्ल्स डालझील नावाचे प्राध्यापक होते. स्वतःहून तयार झालेल्या स्त्री-पुरुषांच्या हातात तार देऊन, वीज हळूहळू वाढवत, हात कोणत्या आकड्याला सुटेनासा होतो हे त्यांनी मोजले. पुरुषांत सरासरी सोळा आणि स्त्रियांत साडेदहा मिलिअँपियर असे त्यांचे निष्कर्ष होते. १९६१ च्या सुमारास त्यांनी या जातीचे यंत्र बनवले. तिकडे ते सॉकेटमध्येच बसवलेले असते आणि पाच मिलिअँपियरच्या आसपासच पडते. ज्यांची मुले अमेरिकेत आहेत त्यांनी तिथल्या न्हाणीघरात ‘टेस्ट’ आणि ‘रिसेट’ अशी दोन बटणे असलेला सॉकेट पाहिला असेल. १९७५ पासून त्यांच्या नियमांत न्हाणीघराच्या सॉकेटला तो सांगितलेला आहे. आपल्याकडे एकच यंत्र साऱ्या घराला बसवायची पद्धत असल्याने आकडा ३० मिलिअँपियरचा धरतात. नियमाप्रमाणे ते १५ पर्यंत पडता कामा नये आणि ३० ला पडलेच पाहिजे, तेही सेकंदाच्या तीन दशांशाच्या आत. गळती १५० वर गेली तर चार शतांश सेकंदात. म्हणजे ते बसवले तरी झटका बसणार, दुखणार, माणूस दचकून पडेलही. पण वीज अंगातून फार वेळ वाहणार नाही.

वायरमन आणि त्याचा एक अनुभवी मित्र असे दोघेजण नंतर एक दिवसभर आमच्याकडे राबले. सापडले ते असे. फाटकावरच्या दिव्याच्या होल्डरमध्ये पाणी साठले होते. दवाखान्यातले दोन संगणक, प्रिंटर आणि ईसीजी यंत्राचा चार्जर यांतून नेहमीच एक-दोन मिलिअँपियर अर्थिंगच्या तारेत जाते. तशी त्यांची रचनाच असते, तो दोष नव्हे. विहिरीच्या पंपाच्या केबलचा जोड चिकटपट्टी गुंडाळून केलेला, तो ओला. आणि धुण्याच्या मशीनच्या मोटारीच्या वेटोळ्यात दमटपणा शिरलेला. यांपैकी एकट्याने यंत्र पडत नव्हते. पाऊस वाढला आणि तिघे-चौघे एकाच वेळी चालू असले की सर्वांची मिळून बेरीज पंधराच्या पुढे जायची. भिशीसारखे थोडे थोडे साठत जायचे. म्हणूनच एकेक वस्तू लावून पाहताना काही सापडत नव्हते.

मशीनच्या बाबतीत दुसरा दोष माझा होता. पडवीत सॉकेट लांब, म्हणून मी स्वतः बाजारातून एक एक्स्टेन्शन बोर्ड आणला होता. वर तीन भोके होती, पण आत तार दोनच पदरी. मशीनच्या पिनचा तिसरा जाड खिळा आत जात होता खरा, पण त्याला पुढे काहीच जोडलेले नव्हते. मशीनच्या पत्र्यावर आलेल्या विजेला जमिनीत जायला वाट नव्हती. ती वाट मावशींनी दिली. मोटारीचा रोध पुरता गेलेला नव्हता, पूर्ण दाब पत्र्यावर आलेला नव्हता, म्हणून त्या वाचल्या. एवढेच.

इतर घरांत कारणे थोडीफार वेगळी असतात, पण पावसाळ्यात गाडी बहुधा याच स्टेशनांवरून जाते. उघड्यावरचे दिवे, गच्चीवरचा सॉकेट, झाकण नसलेले जंक्शन बॉक्स, ओल धरलेल्या भिंतीतील बोर्ड. आमच्या भागात भिंत जांभ्याची, गिलावा पावसाचे पाणी पितो आणि बोर्डामागची पेटी आतून घाम आल्यासारखी ओली होते. त्यात मुंग्या वारूळ करतात, पाल शिरून मरते. पाहायला गेलो तर विनोद, पण पालीचा देह दोन तारांना आणि पत्र्याला जोडतो, आणि यंत्र पडते. उंदीर वायर कुरतडतात ते वेगळेच.

गीझरचे प्रकरण जरा सविस्तर सांगतो. पाणी तापवणारी जी कांडी आत असते, तिच्यात तापणारी तार आणि बाहेरची धातूची नळी यांमध्ये पांढरी भुकटी ठासलेली असते. तिचे नाव मॅग्नेशियम ऑक्साइड. ती कोरडी असेपर्यंत विजेला अडवते, पण तिला ओल शोषून घ्यायची खोड असते. कांडीच्या टोकाचे सील जुने झाले की दमट हवेतून ओल आत शिरते. सगळा उन्हाळा बंद असलेला गीझर पावसाळ्यात पहिल्यांदा लावला की बटण पडते ते यामुळे. बोअरच्या जड पाण्याने कांडीवर क्षारांचा थर बसतो, तिची उष्णता बाहेर पडत नाही, नळी तडकते, आणि मग पाण्यातच वीज उतरते. अशी कांडी बदलायची असते. ‘बटण वर करून बघा, राहील’ हा उपाय नव्हे. बादलीत सोडायचा रॉड त्याहून वाईट. पाणी तापले का हे बोटाने पाहण्याची सवय कित्येक घरांत आहे. रॉडची पिन सॉकेटमधून काढल्याशिवाय पाण्याला हात लावू नये. (आमच्या आजीचा तांब्याचा बंब या बाबतीत निर्धोक होता, धुराचे काय ते सोडा.)

काही वेळा दोष विजेच्या वस्तूत नसतोच, जोडणीत असतो. घर वाढवताना नवीन खोलीला पॉईंट घेतात, फेज एका ठिकाणची आणि न्यूट्रल भलतीकडची. यंत्राला वाटते गुरे परत आली नाहीत. इन्व्हर्टर बसवल्यापासून बटण पडू लागले असेल तर पहिला संशय हाच घ्यावा. एका घरात मी ऐकले की इस्त्री लावली की पडते. इस्त्री दोनदा दुरुस्त झाली, शेवटी नवी आणली, तरी तेच. दोष निघाला माजघरातल्या पंख्याच्या पॉईंटला. तिथे न्यूट्रलची तार अर्थिंगच्या तारेला चिकटली होती. इस्त्रीसारखा मोठा भार लावला की परतणाऱ्या विजेतली थोडी त्या चोरवाटेने जमिनीत जाई. बिचारी इस्त्री निर्दोष होती. न्यूट्रल येत नाही म्हणून अर्थिंगवर दिवा लावून देणारेही महाभाग आहेत. त्या घरात अर्थिंग धड नसेल तर इतर सगळ्या यंत्रांच्या पत्र्यावर वीज येऊ शकते.

तर बटण पडू लागले की काय करावे? आम्ही तापाच्या रुग्णाला तक्ता ठेवायला सांगतो, तसाच तक्ता बोर्डाजवळ टांगावा. तारीख, वेळ, पाऊस होता की नाही, काय काय चालू होते. आठवड्याभरात चित्र दिसू लागते. नेहमी पहाटे पाच वाजता पडत असेल तर पाण्याचा पंप किंवा गीझर, पावसाची सर आली की पडत असेल तर बाहेरचे दिवे. मग घरातील सर्व वस्तूंच्या पिना सॉकेटमधून काढाव्यात. नुसते बटण बंद करून भागत नाही, कारण बटण एकच तार तोडते, न्यूट्रल जोडलेलीच राहते. पिना काढल्यावर यंत्र टिकले तर एकेक पिन लावत जावे, आणि एकेकटी वस्तू निर्दोष निघाली तरी दोन-तीन मिळून लावून पाहावे. हे आमच्याकडे राहिले होते. सर्व पिना काढून, सर्व एमसीबी खाली करूनही यंत्र वर राहत नसेल तर तारांत किंवा यंत्रातच दोष आहे. तिथून पुढे हात वायरमनचा, आपला नव्हे. त्याच्याकडे ‘मेगर’ नावाचे मोजणीयंत्र आहे का ते विचारावे. तारांवरचे आवरण कोठे कमजोर झाले आहे ते त्यानेच कळते, टेस्टरने नाही. हे सारे कोरड्या पायांनी, चप्पल घालून करावे. विजा कडाडत असताना एकदाच पडले असेल तर फार काळजी करू नये. अशा वेळी महत्त्वाच्या वस्तूंच्या पिना काढून ठेवणे बरे.

आमच्याकडे केलेला कायमचा उपाय असा. दवाखान्याला आणि घराला निराळी यंत्रे बसवली, दोन्ही ३० मिलिअँपियरची. आता घरात काही बिघडले तर लशींचा फ्रीज बंद पडत नाही, आणि बेरजेचा प्रश्नही निम्मा झाला. फाटकाचा दिवा पाण्यापासून सुरक्षित पेटीत गेला, पंपाची केबल अखंड घातली, पडवीत उंचावर नवा सॉकेट घेतला आणि तो एक्स्टेन्शन बोर्ड मी स्वतः कात्रीने कापला. अर्थिंगचा खड्डा नव्याने केला. जांभ्यात आणि कातळात हे अवघड असते, दगड विजेला सहज वाट देत नाही. कोळसा-मीठ घालून खोल खड्डा करावा लागतो, आणि एप्रिल-मे महिन्यांत त्यात पाणी ओतावे लागते. अर्थिंग नसले तरी हे यंत्र काम करते, पण फरक महत्त्वाचा आहे. अर्थिंग चांगले असेल तर पत्र्यावर वीज आल्याबरोबर, माणसाने हात लावण्यापूर्वीच बटण पडते. अर्थिंग नसेल तर ते माणसाच्या स्पर्शाची वाट पाहते.

एका युक्तीबद्दल सावध करतो. सारखे पडते म्हणून ३० चे काढून १०० किंवा ३०० मिलिअँपियरचे यंत्र बसवून देणारे भेटतात. दिसायला अगदी तसेच, फक्त आकडा वेगळा. मग ते पडत नाही आणि सगळे खूश. ते आकडे आगीपासून संरक्षणासाठी असतात, माणसासाठी नव्हेत. आपल्या यंत्रावर काय छापले आहे ते आजच वाचून पाहावे. ३० मिलिअँपियर हे काही कंपन्या ०.०३ अँपियर असेही छापतात. त्यावर ‘टी’ असे अक्षर असलेले एक छोटे बटणही असते. ते दाबले की यंत्र पडले पाहिजे. महिन्यातून एकदा ते दाबावे, मी वर्तमानपत्राचे बिल देतो त्या दिवशी दाबतो. वर्षानुवर्षे न हललेला खटका अडकून बसतो. दाबूनही पडले नाही तर यंत्र बदलावे. दाबल्यावर पडले म्हणजे यंत्र ठीक आहे एवढेच कळते, अर्थिंग ठीक आहे असे त्यावरून समजू नये.

या यंत्राच्याही मर्यादा आहेत. एका हाताने फेज आणि दुसऱ्याने न्यूट्रल धरली तर गेलेली वीज पुरेपूर परत येते, यंत्राला पत्ता लागत नाही. लाइट गेल्यावर इन्व्हर्टरवर चालणाऱ्या दिव्या-पंख्यांवर मेन बोर्डातील यंत्राची राखण सहसा नसते. आणि मीटरच्या अलीकडे, म्हणजे खांबापासून घरापर्यंत, जे घडते ते त्याच्या हद्दीबाहेरचे. कपडे वाळत घालायची लोखंडी तार ज्या घरांत विजेच्या सर्व्हिस वायरच्या पाइपाला किंवा पत्र्याच्या छपराला बांधलेली आहे, त्यांनी ती आज संध्याकाळपर्यंत सोडावी आणि नायलॉनची दोरी बांधावी. ओले लुगडे टाकायला गेलेल्या बाईला आणि तिला सोडवायला धावलेल्या मुलाला एकाच वेळी गमावलेले घर मी पाहिले आहे.

सोडवण्याबद्दल थोडे. पहिले काम मेन बंद करणे. ते जमत नसेल तर कोरड्या लाकडावर किंवा प्लास्टिकच्या पाटावर उभे राहून कोरड्या काठीने माणसाला किंवा तारेला दूर ढकलावे. बाहेरची उच्च दाबाची तार पडली असेल तर जवळ जाऊच नये, महावितरणला कळवून पुरवठा बंद होईपर्यंत लांब राहावे. माणूस सुटला, पण हाक मारून हलत नाही आणि श्वास नेहमीसारखा चालत नाही, तर कोणाला तरी १०८ ला फोन करायला सांगून लगेच छाती दाबायला लागावे. छातीच्या मध्यभागी, हाडावर, एकावर एक दोन्ही तळवे ठेवून, मिनिटाला शंभर ते एकशेवीस वेळा, मोठ्या माणसाची छाती सुमारे पाच सेंटिमीटर खाली जाईल इतक्या जोराने. रुग्णवाहिका येईपर्यंत थांबू नये, दमल्यास दुसऱ्याने घ्यावे. विजेच्या झटक्याने थांबलेले हृदय बहुधा मुळात निरोगी असते, म्हणून हे श्रम वाया जाण्याची शक्यता इतर कारणांपेक्षा कमी. गावोगावी अशा माणसाला मातीत किंवा शेणात पुरण्याची प्रथा आहे. ‘माती वीज ओढून घेते’ म्हणतात. शरीरात वीज साठून राहत नाही. पुरण्यात जातात ती दहा मिनिटेच त्या माणसाची असतात.

जो चालत-बोलत आहे त्यानेही एकदा तपासून घ्यावे. वीज छातीतून गेली असेल, भोवळ आली असेल, धडधड होत असेल, पोटात बाळ असेल किंवा लघवी चहासारखी काळसर होत असेल, तर मुळीच वाट पाहू नये. कातडीवरचा डाग चण्याएवढा असला तरी आतील स्नायू बरेच भाजलेले असू शकतात आणि त्याचा भार मूत्रपिंडांवर येतो.

मावशी चार दिवसांनी कामावर आल्या. भाजल्याचा डाग महिन्याभरात भरून आला, ईसीजी नंतरही दोनदा काढला, नीट आहे. मी त्यांची माफी मागितली तेव्हा त्या म्हणाल्या, “डॉक्टर, तुम्हाला काय ठाऊक असणार?” मला ते ठाऊक होते, वायरमनने सांगितले होते, हे मी त्यांना त्याच वेळी सांगितले. त्या अजूनही आमच्याकडे येतात. भांडी, केर, फरशी सगळे करतात. धुण्याच्या मशीनला मात्र त्यांनी पुन्हा हात लावलेला नाही. तेव्हापासून आमच्या घरातले कपडे मी धुतो.